वर्ग दोनमधलं घर

“मॅडम, तुमची जागा वर्ग दोनमध्ये गेलीय,” नगरपालिकेतला इंजिनियर म्हणाला, आणि त्यानं फाइल तिच्याकडं फिरवून एका बोटानं पुढं सरकवली. महेश्वरीला ते लगेच ऐकू आलं नाही. तिचं लक्ष छताकडं होतं. कुठल्याही नव्या खोलीत शिरली की ती आधी वर बघायची, मग माणसांकडं. तुळई कुठून कुठं जाते, स्लॅबला ओल आहे का, पंख्याच्या हुकाभोवती पोपडे सुटलेत का. आयटीआयमध्ये आरेखकाचा ट्रेड शिकवणाऱ्या बाईला हे शोभून दिसे, त्यामुळं ती खोड आहे असं कुणाला वाटत नसे. इंजिनियरनं पुन्हा तेच सांगितलं. पोरगा सभ्य होता, रणधीर नावाचा, तिच्या जुन्या विद्यार्थ्यांच्या वयाचा. दिवाळीनंतर तिनं घराच्या परवानगीची फाइल दिली होती, तेव्हा सातबारा स्वच्छ होता. आता नव्यानं काढलेल्या सातबाऱ्यावर वर्ग एकच्या जागी वर्ग दोन आलं होतं. म्हणजे काय ते तिला माहीत होतं, तरी त्यानं समजावलं. एक वर्गाची जमीन मालकाची, विका, बांधा, काहीही करा. दोन वर्गाची म्हणजे तिच्यावर सरकारचा हात. वरून होकार आल्याशिवाय विटेवर वीट नाही. तिचा प्लॉट ज्या शेतात पडला होता ते शेत निजामाच्या काळात कुणाला तरी चाकरीबद्दल इनाम मिळालेलं होतं. मग ते विकलं गेलं, पुन्हा विकलं गेलं, अकृषिक झालं, त्यात रस्ते आखले गेले, विजेचे खांब आले, लोकांनी प्लॉट घेऊन कडेला लिंबाची झाडं लावली, ती झाडं सावली द्यायला लागली. आणि आता कुठलीतरी जुनी दप्तरं तपासताना कुणीतरी आकडा बदलला होता. “किती दिवस लागतील?” तिनं विचारलं. ते आमच्या हातात नाही, महसूलकडं विचारा, असं तो म्हणाला, आणि त्याला खरंच वाईट वाटल्यासारखं दिसलं. बाहेर रस्त्यावरून भरलेला ट्रक गेला. टेबलावरच्या चहात बारीक वळ्या उठल्या आणि विरल्या. रणधीर बोलतच राहिला. तिच्या तळपायांना मात्र ती थरथर आधी कळली, चहाच्याही आधी, आणि मग एकच गोष्ट डोक्यात आली: अप्पांना काय सांगायचं.

तिला राग आला नव्हता. पायऱ्या उतरताना ती स्वतःला तपासून बघत होती, आणि राग खरोखरच नव्हता. चूक झाली आहे, चूक दुरुस्त करायची असते. विद्यार्थ्याच्या कागदावरची वाकडी रेघ ती अशीच बघायची. कोण चुकलं यापेक्षा कुठून चुकली हे शोधायचं, तिथपर्यंत मागं जायचं, तिथून पुसत यायचं. स्कूटी चालू करताना तिनं मनात क्रम लावलासुद्धा. जुना अकृषिक आदेश, त्याची प्रमाणित नक्कल, बाकीच्या प्लॉटवाल्यांना गोळा करणं, प्रांतांकडं अर्ज, सुनावणी. हे सगळं जमणारं होतं. न जमणारी गोष्ट दुसऱ्या मजल्यावर, गजराबाईंच्या इमारतीत, भाड्याच्या खोल्यांमध्ये बसली होती. बसली होती म्हणजे गॅलरीत, अर्धी खुर्ची बाहेर आणि अर्धी आत. वीरप्पा, तिचे वडील, पंच्याहत्तरी ओलांडलेले, ऑपरेशन झालेल्या खुब्यावर हात ठेवून खाली रस्त्याकडं बघत बसायचे. खोलीत जेवायला यायचे, सकाळी भस्म लावून लिंगपूजा करायचे, तेवढंच. झोपायला गच्चीवर. थंडीत दोन घोंगड्या, पावसात पत्र्याच्या कोपऱ्यात अंग चोरून. पण स्लॅबखाली नाही. दवाखान्यातसुद्धा त्यांनी खाट खिडकीला लावून घेतली होती आणि नर्सला सांगितलं होतं, मला झोप येत न्हाय, तुम्ही गोळी देऊ नका.

सास्तूरला नसता हा प्रश्न. सास्तूरला सरकारनं दिलेलं पक्कं घर होतं, सरळ रांगेतलं, नंबर टाकलेलं, आणि त्या घरात अप्पा ज्वारीची पोती ठेवायचे, स्वतः शेजारी पत्र्याच्या छपरात राहायचे. गावात असे बरेच म्हातारे होते. कुणाला त्यात वावगं वाटत नव्हतं. खुबा मोडला आणि तिनं त्यांना इकडं आणलं. तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं होतं, तिथं वर काय हाय? ती म्हणाली होती, सध्या स्लॅब आहे अप्पा, पण आपलं घर बांधते, त्यात तुमच्या खोलीवर हलकं छप्पर करते. त्या शब्दावर ते आले होते. घर होईपर्यंत थांबतो म्हणाले होते. शब्द पाळायचा आणि पाळून घ्यायचा, दोन्ही बाबतीत अप्पा पक्के. म्हणून ती त्या दिवशी घरी गेली तेव्हा तिनं सरळच सांगितलं: परवानगी अडकलीय. त्यांनी मान हलवली. जमीन सरकारची निघाली व्हय, असं विचारलं. नाही अप्पा, आपलीच आहे, नुसता आकडा बदललाय. “आकडा,” ते म्हणाले, आणि पुन्हा रस्त्याकडं बघायला लागले. त्यांचा आवाज नेहमीसारखाच होता, पण रात्रीच्या जेवणाला त्यांनी अर्धी भाकरी परत ठेवली.

त्या दिवसांत तिला भिंत आठवायला लागली. आई आठवायची नाही, धाकटा भाऊ महांतेश आठवायचा नाही, निदान मुद्दाम तरी नाही, भिंत आठवायची. ती अकरा वर्षांची असताना उन्हाळ्यात अप्पांनी आणि एका गवंड्यानं मिळून घराची दर्शनी भिंत नव्यानं बांधली होती. काळे दगड, पांढरी माती, अडीच हात जाडी, वर मातीचं माळवद. गाव बघायला यायचं. वीरप्पानं किल्ला बांधला म्हणायचे. वैशाखात दुपारी ती त्या भिंतीला गाल लावून बसायची. बाहेर ऊन डोळे फोडत असताना भिंत आतून गार असायची, विहिरीतून नुकत्या काढलेल्या घागरीसारखी, आणि तिला ओल्या मातीचा एक गोडसर वास होता. महांतेश भिंतीतली माती नखानं उकरून खायचा म्हणून आई त्याच्या हातावर चापटी मारायची. एवढं लख्ख आठवायचं, आणि मग त्याला लागूनच दुसरं. गणपती बुडवायचे बघायला ती लोहाऱ्याला मावशीकडं गेली होती. अप्पा हायब्रीड ज्वारी राखायला शेतात माळ्यावर. रात्री जमीन हलली. दुसऱ्या दिवशी दुपारी मावशीच्या नवऱ्यानं तिला जीपमधून आणलं. जीप नेहमीच्या वळणावर आली आणि पुढं गाव नव्हतं. पाऊस लागलेला, त्यामुळं धूळसुद्धा नव्हती, नुसते दगड, ओले, चकचकीत, धुऊन ठेवल्यासारखे. अप्पा दगडांवर बसले होते. त्यांच्या बोटांना नखं राहिली नव्हती. तिला बघून ते उठले नाहीत, रडले नाहीत; शेजारची जागा हातानं पुसली आणि म्हणाले, बस. लिंगायतांत माती देतात. त्या दिवशी कुणी रीत बघितली नाही, जात बघितली नाही. पडलेल्या घरांचीच लाकडं सरणाला रचली गेली. तिच्या घराची तुळई त्यात होती, ती तिनं ओळखली, तिच्यावर आईनं काढलेली हळदीची बोटं होती.

पुढं वसतिगृह, शाळा, आणि मग चित्रकलेच्या मास्तरांनी सुचवलेला हा ट्रेड. पहिल्या दिवशी टी-स्क्वेअर कागदावर ठेवून रेघ ओढली तेव्हा तिला जे वाटलं ते तिनं कधीच कुणाला सांगितलं नाही. ही भिंत पुसता येत होती. हवी तेवढी पातळ करता येत होती, सरकवता येत होती, तिच्यात लोखंड टाकता येत होतं, आणि हे सगळं कुणी तिच्याखाली झोपायच्या आधी. ती या कामात चांगली निघाली. लग्न केलं नाही. कारण विचारणाऱ्यांना ती वेगवेगळी कारणं सांगे आणि सगळी पटण्यासारखी असत. जिल्ह्यातल्या किती घरांचे नकाशे तिच्या हाताखालून गेले असतील, तिला मोजायचं नव्हतं. स्वतःच्या घराचा काढायला बसली तेव्हा मात्र तो सहज आला. जणू आधीच काढलेला होता, तिनं फक्त गिरवला. दोन खोल्या आणि स्वयंपाकघर, वर स्लॅब. आणि पूर्वेला अप्पांची खोली, तिच्या भिंतीत कोपऱ्या-कोपऱ्यात सळई, वर लोखंडी कैच्यांवर पत्रा, आतून चटईचं छत. खोली पडली तरी माणूस उठून कपडे झटकेल, अशी. नकाशा पूर्ण झाला तेव्हा तिनं तो अप्पांना दाखवला होता. त्यांनी कागद डोळ्यांजवळ धरून बराच वेळ बघितला आणि चांगला हाय म्हणून परत दिला. त्यांना नकाशा वाचता येत नव्हता हे तिला ठाऊक होतं.

फेब्रुवारी-मार्च असेच गेले. तिनं लेआउटमधले बाकीचे लोक जमवले. निवृत्त शिक्षक, एसटीतले, एक कापडवाला. सगळे आधी घाबरलेले, मग चिडलेले, मग तिच्याकडं बघून शांत झालेले. आपल्यात हे बळ आहे याची तिला गंमत वाटायची. आत कुठंतरी सदोदित हादरा धरून बसलेलं काहीतरी होतं, आणि तरी तिचा आवाज वर्गात कधी कापला नाही, इथंही कापला नाही. सुनावणीच्या दिवशी प्रांतांनी विचारलं की इनामाच्या जमिनीबद्दल तुमचं म्हणणं काय, तेव्हा तिनं सांगितलं की इनाम कुणाला आणि कशाबद्दल होतं ते आम्हाला माहीत नाही. आम्हाला एवढंच माहीत आहे की शासनानं ही जमीन अकृषिक केली, शासनानं रस्ते मंजूर केले, शासनानं घरपट्टीची पावती दिली, आणि यातलं प्रत्येक काम करताना शासनाला ती एक वर्गाची दिसत होती. प्रांतांनी लिहून घेतलं. निकाल राखून ठेवला. बाहेर आल्यावर कापडवाल्यानं तिच्या हाताला उसाच्या रसाचा ग्लास दिला आणि म्हणाला की वकिलाची गरजच पडली नाही. तिलाही तसंच वाटत होतं. निकाल आपल्या बाजूनं लागणार, याबद्दल तिच्या मनात शंका नव्हती. कधी लागणार, एवढंच.

मधेच बजरंग भेटला. यानंच तिला प्लॉट दाखवला होता. प्लॉटांच्या धंद्यातला, मोटारसायकलवरून सगळ्या गावाची खबर ठेवणारा, मनानं वाईट नसलेला माणूस. तो म्हणाला की मॅडम, तुम्ही उगाच शाळा करत बसलाय. खड्डे घ्या, कॉलम उभे करा, नोटीस आली तर आली, पुढं सगळंच नियमित होतं. इथं कोण परवानगी घेऊन बांधतंय? त्यानं शेजारच्या गल्लीतली घरं बोटानं दाखवली, एकेकाचं नाव घेऊन. तिनं नाही म्हटलं. पण त्या ‘नाही’मध्ये तिला स्वतःला एक पोकळ आवाज ऐकू आला. तिला नियमांचं एवढं प्रेम नव्हतं. मग कशासाठी थांबली होती? आकडा चुकीचा आहे हे सिद्ध करायला? म्हाताऱ्या माणसाच्या उरलेल्या वर्षांतलं एकेक वर्ष त्यावर घालवायचं?

एप्रिलमध्ये गजराबाईंनी गच्चीला कुलूप लावलं. त्यांचंही चूक नव्हतं. उन्हाळ्याची कामं निघालेली, गच्चीभर कुरडया-पापड वाळत घातलेले, आणि अप्पांचं अंथरूण सकाळी उशिरापर्यंत मधोमध. त्यात एका पहाटे ते उठताना कठड्याशी तोल जाऊन बसले, खुब्याला लागलं नाही एवढंच. गजराबाई म्हणाल्या की काही झालं तर लोक मला नावं ठेवतील. त्या दिवशी महेश्वरी आयटीआयमधून आली तर अप्पांनी पिशवी भरून ठेवली होती. धोतरं, लिंग ठेवायचा करडक, औषधांचा डबा. सास्तूरला जातो म्हणाले. रागानं नाही, बस किती वाजता असते, एवढंच विचारत होते. तिथं त्यांचं करायला कोण आहे, हे तिनं विचारलं नाही, कारण दोघांनाही माहीत होतं. ती म्हणाली, आधी माझ्याबरोबर चला, एक काम आहे. आणि रिक्षा बोलावून ती त्यांना प्लॉटवर घेऊन गेली.

दुपार उतरली होती. प्लॉटवर गवत वाळून गेलेलं, मधे कुणाच्या तरी शेळ्या. शेजारच्या लिंबाखाली तिनं त्यांना दगडावर बसवलं आणि स्वतः उभी राहिली. ती आता भांडायच्या तयारीत आहे हे तिच्या लक्षात आलं, आणि कुणाशी ते मात्र आलं नाही. बजरंग काय म्हणाला ते तिनं सगळं सांगितलं. मग म्हणाली, “अप्पा, तुम्ही हो म्हणा. उद्या खड्डे काढायला लावते. पावसाच्या आत तुमची खोली उभी राहील. बाकीचं घर मागनं होईल, कागद मागनं येतील.” हे बोलताना तिला वाटलं की ते लगेच हो म्हणतील. त्यांच्या आयुष्यात सरकारनं जे दिलं ते सगळं कागदावर मोजून दिलं होतं, घराचा नंबरसुद्धा. कागदाबद्दल त्यांना काय आदर असणार.

अप्पा शेळ्यांकडं बघत होते. मग त्यांनी हात गुडघ्यावर पालथे ठेवले आणि बोटांकडं बघत बोलायला लागले.

“म्या भित बांधली तवा कुणालाच इचारलं न्हाय, अव्वा.” ते तिला लहानपणापासून अव्वा म्हणायचे, आईला म्हणावं तसं. “दगड माझा, माती माझी, जागा माझी. कुणाला कशाला इचारायचं? गावात समदे आले, बघून गेले. लई भारी झाली म्हणले. एकानं म्हणलं न्हाय, वीरप्पा, एवढा दगड कशाला. वर माळवदाचं वजन, खाली नुसती माती, ह्ये बसल का? कुणी आडवं आलं असतं तर म्या भांडलो असतो. पर भांडलो असतो तर इचार केला असता.”

शेळ्या गवतातून पुढं सरकल्या.

“त्या सालात कुणीतरी इचारायला पायजे हुतं मला. तुला कुणी इचारतंय तर इचारू दे.”

भिंतीबद्दल ते कधीच बोलले नव्हते. तीस वर्षांत नाही. तिला वाटायचं की त्यांना स्लॅबची भीती आहे, भूकंपाची भीती आहे. डॉक्टरही तसंच म्हणाले होते. ती उभीच होती. आपण त्या भिंतीला गाल लावून बसायचो हे त्यांना सांगावं असं तिला वाटलं, आणि सांगणार नाही हेही कळलं. कारण त्यांना ते माहीत असणार. ते समोर बसूनच विडीचं बंडल सोडायचे तेव्हा. त्याच क्षणी दुसरी एक गोष्ट तिच्या ध्यानात आली, आणि ती इतकी साधी होती की तिला हसू आलं असतं. कुणीही तिला विचारलं नव्हतंच. इतके महिने, इतकी टेबलं. सगळ्यांनी जमीन कुणाची ते विचारलं. घर कसं आहे ते एकानंही नाही. फाइलमध्ये नकाशाची घडी जशी तिनं घातली होती तशीच होती. ती घडी आपली आहे, आपल्या बोटांची, हे तिनं दर वेळी बघितलं होतं आणि दर वेळी तिला बरंच वाटलं होतं. जणू न उघडणं म्हणजे त्यात काही चुकीचं नसणं.

घरी आल्यावर तिनं गजराबाईंना खाली जाऊन सगळं सांगितलं. अप्पा गच्चीवर का झोपतात, ते. याआधी तिनं म्हाताऱ्याला उकडतं एवढंच सांगितलेलं. गजराबाईंनी ऐकून घेतलं. सकाळी त्यांनी किल्ली आणून दिली, कुरडयांची बाजू वेगळी केली, आणि कठड्याच्या आतून कपडे वाळत घालायची दोरी दुहेरी ताणून बांधली, माणूस अडेल अशी. अप्पांची पिशवी दोन दिवस भरलेलीच राहिली, मग त्यातलं एकेक बाहेर यायला लागलं.

दुसऱ्या दिवशी ती रणधीरकडं गेली. त्यानं तिला बघून आधीच हात जोडल्यासारखे केले. निकाल आला नाही ना मॅडम अजून, असं म्हणाला. ती म्हणाली, निकालासाठी आले नाही, नकाशा बघा म्हणून आले. तो म्हणाला की वर्गाचा प्रश्न सुटल्याशिवाय छाननी सुरूच होत नाही, पद्धत तशी आहे.

“जमीन कुणाची ते प्रांतसाहेब बघतायत,” ती म्हणाली. “घर पडेल का ते बघायचं काम कुणाचं?”

“माझंच,” तो म्हणाला. मग त्यानं टेबलावरच्या फाइली एका बाजूला केल्या, चहाचा कप खिडकीत ठेवला आणि नकाशा पसरला. तो वाचत होता, खरोखर वाचत होता. पट्टी घेऊन, ओठ बारीक हलवत. तिला बसावंसं वाटेना. विद्यार्थी परीक्षेत तिच्या पाठीमागं असेच उभे राहत असणार. पायाबद्दल त्यानं विचारलं, तिनं उत्तर दिलं. दारांवरून फिरणाऱ्या पट्टीबद्दल विचारलं, तिनं दुसऱ्या पानावरचा तपशील दाखवला. वा, म्हणाला. पूर्वेच्या खोलीला पत्रा का, म्हणून विचारलं. तिनं सांगितलं, आमचं गाव सास्तूर. त्यानं मान वर केली, पुन्हा खाली घातली. मग त्याचं बोट एका जागी थांबलं.

“मॅडम, पाण्याची टाकी?”

टाकी न्हाणीघराच्या स्लॅबवर होती. नळाचं अंतर कमी पडावं म्हणून तिनं ती तिथं घेतली होती, सगळेच घेतात. न्हाणीघराची एक भिंत आणि अप्पांच्या खोलीची एक भिंत एकच होती. ती भिंत हलली तर हजार लिटर पाणी, त्याच्या चबुतऱ्यासकट, कुठं जाणार ते रेघेसारखं सरळ होतं. ते पत्र्यावर जाणार होतं. चटईच्या छतावर. दर नव्या खोलीत आधी वर बघणारी ती. आणि तिनं स्वतःच्या हातानं, स्वच्छ, सुरेख रेघांत, अप्पांच्या डोक्याशेजारी ते वजन ठेवून दिलं होतं, आणि हा नकाशा तिनं त्यांना दाखवला होता, आणि त्यांनी चांगला हाय म्हणून परत दिला होता. तसं नियमाला धरून चालतं, रणधीर घाईनं म्हणाला, कॉलम आहेत, पडणार नाही. मला आपलं वाटलं. नाही, ती म्हणाली, तुम्ही बरोबर आहात. आवाज कापला. तिला तो ऐकू आला, आणि आश्चर्य म्हणजे लाज वाटली नाही. उलट छातीतून काहीतरी सैल होऊन खाली बसल्यासारखं झालं, जमीन पाणी प्यायल्यावर बसते तसं. कुणीतरी आडवं आलं होतं. ती भांडलीसुद्धा नव्हती. तिनं रणधीरकडून पेन्सिल मागून घेतली, तिथंच, त्याच्या टेबलावर, टाकी उचलून पश्चिमेच्या कोपऱ्यात नेली, खाली चार स्वतंत्र पाय दिले, आणि नळाची लांबी वाढली ती वाढू दिली. तो म्हणाला, आकडा दुरुस्त होऊन आला की त्या दिवशी मी सही करतो, मॅडम. ती म्हणाली, नीट काढलेला नकाशा आणून देते, हा खोडलेला नको. घरी येऊन तिनं अप्पांना सांगितलं: एक चूक सापडली. त्यांनी कुठली ते विचारलं. तिनं कागद न दाखवता हातांनी दाखवलं. ही भिंत, इथं तुमचं डोकं, इथं पाणी. ते लक्ष देऊन बघत होते. “कुणी काढली?” “ऑफिसातल्या पोरानं.” “बरं पोरगं हाय,” अप्पा म्हणाले, आणि त्या दिवशी त्यांनी आणखी एक भाकरी मागितली.

निकाल मे महिन्यात लागला. ज्यांच्याकडं जुना अकृषिक आदेश होता त्यांचा वर्ग पूर्ववत करावा, असा. फेरफाराची नोंद व्हायला आणखी वेळ गेला, आणि परवानगीचा कागद हातात यायला श्रावण उजाडला. घर त्यानंतर गुढीपाडव्यापर्यंत बांधून झालं आणि त्यात विशेष काही घडलं नाही. घडलं ते निकालानंतरच्या रविवारी. तिला थांबवेना. खड्डे घ्यायला परवानगी लागते, पण जमिनीवर रेघ ओढायला लागत नाही, असं ती बजरंगला म्हणाली, तेव्हा तो हसला आणि मोटारसायकलवर आखणीच्या पांढऱ्या फक्कीची गोणी टाकून सकाळीच आला. त्यानं सुतळी धरली, तिनं खुंट्या ठोकल्या, काटकोन तपासले, आणि मग डब्यातून फक्की सोडत ती मागं-मागं चालत गेली. गवत काढलेल्या मुरमावर घर उमटायला लागलं. कागदावर रेघ ओढणं आणि हे, यात एवढा फरक असेल असं तिला वाटलं नव्हतं. इथं रेघेच्या आत ऊन होतं, एक मुंगळा चालला होता, आणि पाठीला वारा लागत होता. दुपारच्या आत सगळं झालं. बजरंग गोणी झटकून निघून गेला.

अप्पा लिंबाखाली बसून बघत होते. ते काठी टेकत उठले, रेघेपाशी आले, आणि वहाणा काढल्या. तिला वाटलं, सरळ येतील. पुढ्यातच त्यांची खोली होती, दोन पावलांवर. पण ते रेघेच्या कडेकडेनं चालायला लागले, खुबा सांभाळत, सबंध घराला वळसा घालून पुढच्या बाजूला, जिथं तिनं दारासाठी जागा मोकळी सोडली होती. तिथून आत आले. बैठकीतून स्वयंपाकघरात, तिथून वळून पूर्वेकडं, प्रत्येक मोकळ्या जागेतून वाट बघून, कुठंही पांढऱ्यावर पाय न देता. आपल्या खोलीत पोचल्यावर त्यांनी चारी बाजूंनी बघितलं. वर बघितलं नाही. काठी आडवी ठेवली, हातानं मुरूम सारखा केला, आणि सावकाश खाली बसले.

ती पाण्याची बाटली घेऊन त्यांच्याकडं निघाली. ती घराच्या मागच्या अंगाला होती. मधे नुसती एक रेघ. तिनं पाय उचलला.

“तिकडनं न्हाय,” अप्पा म्हणाले. “दारातनं ये.”

तिनं पाय मागं घेतला, आणि बाटली छातीशी धरून वळसा घालून निघाली.